डिस्चार्जनंतरचा हिशेब

पावसाळ्यात तलाव भरू लागले की मुंबईच्या वर्तमानपत्रांत रोज एक छोटा तक्ता येतो. सात तलाव, त्यांची ओसंडण्याची पातळी, आजची पातळी, गेल्या वर्षी याच तारखेला किती होती ते. तानसा १२८.६३ मीटरला ओसंडतो. हा आकडा दोन दशांश स्थळांपर्यंत दिलेला असतो, म्हणजे सेंटिमीटरचाही हिशेब राहतो. तो ठेवावाच लागतो, कारण पाणीकपात कधी आणि किती करायची हे त्यावरून ठरते.

याच तलावाच्या भोवती शहापूर तालुक्यातली अघई, आटगाव, खर्डी ही गावे आहेत आणि त्यांच्या आजूबाजूला ठाकूर, कातकरी, वारली, महादेव कोळी यांचे पाडे. खाली दक्षिणेला मुरबाड. २०१४ च्या १ ऑगस्टला पालघर जिल्हा वेगळा झाला तेव्हा जव्हार, मोखाडा, वाडा तिकडे गेले आणि उरलेल्या ठाणे जिल्ह्याचा ग्रामीण, डोंगराळ भाग मुख्यतः या दोन तालुक्यांवर आला. इथे वर्षभरात किती जणांना हृदयविकाराचा झटका येतो, त्यातले किती जण किती वेळात दवाखान्यात पोहोचतात आणि महिन्याभराने किती जण जिवंत असतात, याचा तक्ता कोणत्याही वर्तमानपत्रात छापून येत नाही. छापणार कुठून? तो तयारच होत नाही.

एक कल्पित रुग्ण घेऊ. वय बावन्न, डोळखांबच्या पुढच्या एका पाड्यावरचा. आवणीच्या दिवसांत सकाळी छातीत कळ येते, दरदरून घाम फुटतो. गॅस झाला असेल म्हणून सोडा घेतला जातो. दुपारी जवळच्या डॉक्टरकडे एक इंजेक्शन होते. संध्याकाळी काळी-पिवळीतून शहापूरचे उपजिल्हा रुग्णालय. तिथे ईसीजी निघतो आणि पुढे पाठवायचे ठरते. मग १०८ ची गाडी, मुंबई-नाशिक महामार्ग, भिवंडी बायपासची कोंडी, आणि ठाण्याच्या किंवा मुंबईच्या एखाद्या रुग्णालयात सरकारी योजनेतून अँजिओप्लास्टी. स्टेंट बसतो. चौथ्या दिवशी डिस्चार्ज. रुग्णालयाच्या लेखी हा बरा होऊन गेलेला रुग्ण आणि योजनेच्या लेखी मंजूर झालेला दावा. दिवाळीनंतर तो बायकोपोरांसह वीटभट्टीवर जातो. तिथे गोळ्या संपतात. स्टेंट बसवल्यावर रक्तात गाठ होऊ नये म्हणून दोन गोळ्या साधारण वर्षभर चालू ठेवायच्या असतात. त्या अध्येमध्ये सुटल्या तर स्टेंटमध्येच गाठ अडकण्याचा धोका असतो. माघात भट्टीवरच तो जातो. नोंद झालीच तर तिसऱ्याच ग्रामपंचायतीच्या वहीत, ‘हृदयक्रिया बंद पडून’.

रुग्णालयाची फाइल, योजनेचा दावा आणि ग्रामपंचायतीची वही, तिन्ही नोंदी आपापल्या जागी खऱ्या आहेत. त्या शेजारीशेजारी मात्र कधी ठेवल्या जात नाहीत. राष्ट्रीय क्लिनिकल ऑडिट म्हणजे त्या शेजारी ठेवण्याची पद्धत. एखाद्या आजाराचा प्रत्येक रुग्ण, निवडक नव्हे. प्रत्येक रुग्णालय, नावाजलेले तेवढेच नव्हे. सगळीकडे एकाच व्याख्येने भरलेली माहिती. ठरलेल्या मानकाशी तुलना. निष्कर्ष त्या-त्या रुग्णालयाला परत. आणि पुढच्या वर्षी पुन्हा तेच. यातली प्रत्येक अट साधी वाटते. इतिहास मात्र सांगतो की त्यातल्या प्रत्येकीसाठी कुणाला तरी भांडावे लागले आहे.

बोस्टनच्या अर्नेस्ट कॉडमन या शल्यविशारदाने विसाव्या शतकाच्या सुरुवातीला आपल्या प्रत्येक रुग्णासाठी एक कार्ड ठेवायला सुरुवात केली. शस्त्रक्रिया काय केली, गुंतागुंत काय झाली, आणि वर्षभराने रुग्ण कसा आहे. रुग्ण बरा झाला नसेल तर का, हेही त्यात लिहायचे. बाकीच्या डॉक्टरांनीही असेच करावे, रुग्णालयांनी हे निकाल छापावेत, असा त्याचा आग्रह होता. १९१४ मध्ये त्याने मॅसॅच्युसेट्स जनरल हॉस्पिटलमधली जागा सोडली, आणि पुढच्या वर्षी एका जाहीर सभेत वाळूत डोके खुपसलेल्या शहामृगाचे व्यंगचित्र दाखवून शहरातल्या प्रतिष्ठित डॉक्टरांची नाराजी ओढवून घेतली. त्याचे म्हणणे चूक होते असे फार थोड्यांनी म्हटले असेल. ते गैरसोयीचे होते, एवढे पुरले.

हृदयाच्या बाबतीत हिशेब टाळणे आणखी सोपे, कारण या क्षेत्राचा इतिहास आपण ‘पहिल्यांदा’ या शब्दाभोवती लिहितो. फेब्रुवारी १९६८ मध्ये मुंबईच्या केईएम रुग्णालयात डॉ. प्रफुल्लकुमार सेन यांनी भारतातले पहिले हृदयप्रत्यारोपण केले. जगातले पहिले प्रत्यारोपण केपटाउनला होऊन तेव्हा जेमतेम अडीच महिने झाले होते. केईएममधला रुग्ण काही तासांतच दगावला. तरीही ते धाडस मोठे होते आणि त्याची आठवण ठेवलीच पाहिजे. पण पहिल्या शस्त्रक्रियेची बातमी होते. चारशे तेराव्या अँजिओप्लास्टीची होत नाही. लोकांचे जीव मात्र त्या चारशे तेराव्यावर अवलंबून असतात.

ऑडिट का हवे, याचा सर्वांत कडू धडा इंग्लंडमधल्या ब्रिस्टलने दिला. तिथल्या रॉयल इन्फर्मरीत लहान मुलांच्या हृदयावर शस्त्रक्रिया होत. १९८८ मध्ये स्टीफन बोल्सिन हे भूलतज्ज्ञ तिथे रुजू झाले. शस्त्रक्रिया फार लांबतात, मुले जास्त दगावतात, असे त्यांना दिसू लागले, आणि त्यांनी स्वतःच आकडे गोळा करायला घेतले. वरिष्ठांना सांगितले, पत्रे लिहिली. वर्षे गेली. अखेर १९९५ मध्ये हे काम थांबले. इयान केनेडी यांच्या अध्यक्षतेखालच्या चौकशीचा अहवाल २००१ मध्ये आला. एक वर्षाच्या आतल्या मुलांच्या बाबतीत १९९१ ते १९९५ या काळात, देशातल्या एखाद्या सर्वसाधारण केंद्रात झाले असते त्यापेक्षा ३० ते ३५ मृत्यू जास्त झाले, असा त्याचा अंदाज होता.

या अहवालातली सर्वांत अस्वस्थ करणारी गोष्ट वेगळीच आहे. ब्रिस्टलमध्ये आकडे नव्हते असे नाही. ते होते. शल्यविशारदांच्या नोंदवह्यांत होते, त्यांच्या संघटनेच्या रजिस्टरात होते, सरकारी रुग्णालयीन आकडेवारीत होते. ते एकत्र बघणे हे कुणाचेच ठरलेले काम नव्हते. प्रत्येकाला वाटत होते की ते दुसऱ्या कुणाचे तरी आहे. दुष्ट डॉक्टर शोधून मोकळे होणाऱ्या वाचकांची या अहवालाने निराशा केली. त्यात चांगल्या हेतूची, कष्टाळू माणसेच जास्त आहेत. बोल्सिन पुढे ऑस्ट्रेलियाला निघून गेले.

त्यानंतर ब्रिटनमध्ये हृदयाच्या शस्त्रक्रियांचे निकाल रुग्णालयागणिक, आणि पुढे शल्यविशारदागणिक प्रसिद्ध होऊ लागले. झटका आलेल्या रुग्णांसाठी ‘मिनॅप’ नावाचे वेगळे राष्ट्रीय ऑडिट २००० पासून माहिती गोळा करू लागले. तेव्हा गाठ विरघळवणारे इंजेक्शन हाच मुख्य उपचार होता, आणि रुग्ण दारात आल्यापासून अर्ध्या तासात ते दिले जावे असे मानक होते. सुरुवातीला निम्म्या रुग्णांनाही ते वेळेत मिळत नव्हते. मोजणी सुरू झाल्यावर काही वर्षांत हे प्रमाण चार-पंचमांशाच्या आसपास गेले. नवीन औषध आले नव्हते. इंजेक्शन कुठल्या कपाटात ठेवायचे, ते द्यायला वरिष्ठ डॉक्टरची वाट बघायची की नाही, ईसीजी कुणी काढायचा, अशा गोष्टी बदलल्या. दर महिन्याला आपला आकडा समोर आला की माणसे कपाटे हलवतात.

मृत्यूचे आकडे छापायचे म्हटले की पहिला रास्त आक्षेप येतो: आमच्याकडे जास्त गंभीर रुग्ण येतात. याचे उदाहरण आपल्याच जिल्ह्यात आहे. १२-१३ ऑगस्ट २०२३ च्या दरम्यान कळव्याच्या छत्रपती शिवाजी महाराज रुग्णालयात चोवीस तासांत १८ रुग्णांचा मृत्यू झाला. राज्यभर खळबळ उडाली, सरकारने चौकशी समिती नेमली. हे रुग्ण केवळ हृदयाचे नव्हते, पण मुद्दा तोच आहे. ठाणे शहराबरोबर शहापूर, मुरबाड आणि पालघरकडचेही रुग्ण तिथे येतात, अनेक जण अखेरच्या अवस्थेत. मग अठरा हा आकडा किती वाईट? त्या दिवशी दाखल असलेल्यांचे वय, आजार, येतानाची अवस्था पाहता किती मृत्यू अपेक्षित होते, हे ठाऊक नसेल तर रुग्णालयाला दोषी ठरवणारा आणि निर्दोष सोडणारा, दोघेही अंधारातच बोलत असतात.

त्यासाठी ऑडिटमध्ये ‘अपेक्षित मृत्यू’ काढतात. रुग्णाचे वय, रक्तदाब, मूत्रपिंडाची अवस्था, मधुमेह, आधीचा झटका अशा गोष्टींवरून त्याचा धोका ठरतो आणि सगळ्यांचे धोके मिळवले की त्या रुग्णालयाचा अपेक्षित आकडा मिळतो. समजा एका रुग्णालयात हजारात २० मृत्यू झाले आणि अपेक्षित होते १५. दुसऱ्यात हजारात ६० झाले, अपेक्षित होते ७५. वरवर पाहता पहिले तिप्पट चांगले. नीट पाहता चिंता पहिल्याचीच करायला हवी. शिवाय लहान आकड्यांचा फसवेपणा आहेच: वर्षाला चाळीस शस्त्रक्रिया करणाऱ्या ठिकाणी एक मृत्यू इकडचा तिकडे झाला की टक्केवारी उडी मारते. म्हणून ब्रिस्टलच्या चौकशीत काम केलेल्या डेव्हिड स्पीगलहॉल्टर यांच्यासारख्या संख्याशास्त्रज्ञांनी क्रमवारीऐवजी नरसाळ्याच्या आकाराचा आलेख वापरायचा आग्रह धरला. रुग्णसंख्या कमी असेल तिथे योगायोगाला जागा जास्त, रुग्णसंख्या वाढेल तसे नरसाळे निमुळते. त्याच्या बाहेर पडलेल्या ठिपक्याची तेवढी विचारपूस करायची.

क्रमवारीचे तोटे न्यूयॉर्क राज्याने दाखवले. तिथे १९८९ पासून बायपासच्या प्रत्येक रुग्णाची माहिती सक्तीने गोळा होऊ लागली. एका वर्तमानपत्राने खटला भरून शल्यविशारदांच्या नावांनिशी आकडे मिळवले. १९८९ ते १९९२ मध्ये धोका लक्षात घेऊन काढलेला मृत्युदर ४.१७ टक्क्यांवरून २.४५ टक्क्यांवर आला. हे यश मोठेच. पण आपला आकडा बिघडू नये म्हणून काही डॉक्टर जास्त आजारी रुग्णांना हातच लावत नाहीत, अशी टीकाही तिथूनच सुरू झाली, आणि तो वाद अजून मिटलेला नाही. घाईचाही धोका आहे. मार्च २०१३ अखेरीस इंग्लंडमधल्या लीड्सला मुलांच्या हृदयशस्त्रक्रिया अचानक थांबवण्यात आल्या, कारण प्राथमिक आकडे चिंताजनक दिसत होते. त्यातली माहिती अपुरी निघाली आणि एप्रिलमध्ये काम पुन्हा सुरू झाले. माझे मत विचाराल तर आपल्याकडे डॉक्टरांच्या नावांनी सुरुवात करूच नये. सुरुवात वेळेपासून करावी.

वेळ का, ते भारतातल्याच एका मोठ्या नोंदणीतून कळते. ‘क्रिएट’ या नावाची ही नोंदणी २००८ मध्ये ‘लॅन्सेट’मध्ये प्रसिद्ध झाली. देशातल्या ८९ रुग्णालयांतले २०,४६८ रुग्ण. त्रास सुरू झाल्यापासून रुग्णालयात पोहोचायला लागलेला मध्यक वेळ ३६० मिनिटे. म्हणजे निम्म्या लोकांना सहा तासांहून जास्त लागले. हृदयाची मुख्य रक्तवाहिनी पूर्ण बंद पडली की तिच्यावर जगणारा स्नायू तासाभरातच मरू लागतो. गाठ विरघळवण्याचा खरा फायदा पहिल्या दोन-तीन तासांत. सहाव्या तासाला रुग्ण आला तर जगातले उत्तम रुग्णालयही उरलेले तेवढेच वाचवते. याउलट रुग्णालयात आल्यावर इंजेक्शनपर्यंतचा मध्यक वेळ होता ५० मिनिटे. आदर्श नव्हे, पण उशिराचा मोठा हिस्सा दाराबाहेरचा होता.

याच नोंदणीतला दुसरा निष्कर्ष जास्त टोचतो. तीस दिवसांतला मृत्युदर श्रीमंतांमध्ये ५.५ टक्के, गरिबांमध्ये ८.२ टक्के. गरीब माणूस उशिरा येतो, आधीच अशक्त असतो, असे सहज म्हणता येईल. संशोधकांनी उपचारांतला फरक हिशेबात धरला तेव्हा मृत्युदरातला फरक नाहीसा झाला. अँजिओप्लास्टी श्रीमंतांपैकी १५.३ टक्क्यांना मिळाली, गरिबांपैकी २ टक्क्यांना. ती महाग, हे समजू शकते. पण कोलेस्टेरॉल कमी करणारी साधी गोळी? श्रीमंतांपैकी ६१ टक्के, गरिबांपैकी ३६. डॉक्टरांना हा भेदभाव करायचा नव्हता, हे मला मान्य आहे. मोजले नसते तर तो होतो आहे हे त्यांनाही कळले नसते.

दक्षिणेत आणखीही बरेच काम झाले. केरळमध्ये २००७ ते २००९ या काळात १२५ रुग्णालयांतून २५,७४८ रुग्णांची नोंद झाली. तमिळनाडूत छोटी रुग्णालये मोठ्या केंद्राला जोडून, जवळच्या ठिकाणी आधी गाठ विरघळवायची आणि मग रुग्ण पुढे न्यायचा अशी व्यवस्था उभी केली गेली, आणि तिचे निकाल २०१७ मध्ये मांडले गेले: वर्षभरातला मृत्युदर १७.६ वरून १४.२ टक्क्यांवर. केरळमधल्याच ६३ रुग्णालयांत पुढे एक प्रयोग झाला. तपासणी याद्या, दर महिन्याचा अहवाल, प्रशिक्षण असा संच देऊन पाहिले. औषधे देण्याचे प्रमाण सुधारले, पण मृत्यू आणि मोठ्या गुंतागुंती यांत ठामपणे सांगता येईल असा फरक पडला नाही. ऑडिटचे गोडवे गाणाऱ्यांनी हा निकालही सांगायला हवा. कागद भरल्याने माणूस वाचत नाही. कागदावर दिसलेले दुरुस्त केले तर कदाचित वाचतो. हृदय कमकुवत झालेल्या रुग्णांची एक राष्ट्रीय नोंदणीही झाली आहे, तिरुवनंतपुरमच्या श्री चित्रा संस्थेच्या समन्वयाने. ५३ रुग्णालये, १०,८५१ रुग्ण. नव्वद दिवसांत १४.२ टक्के दगावले, आणि ज्यांना ठरलेली सगळी औषधे मिळायला हवी होती त्यांच्यातल्या निम्म्याहून कमी जणांना ती मिळत होती.

महाराष्ट्राकडे काय आहे? खरे तर बरेच आहे. १९९७ मध्ये जीवनदायी योजना सुरू झाली, २०१२ मध्ये राजीव गांधी जीवनदायी आरोग्य योजना, आणि तीच पुढे महात्मा जोतिराव फुले जन आरोग्य योजना झाली. आता आयुष्मान भारतशी जोडून कुटुंबाला वर्षाला ५ लाखांपर्यंतचे संरक्षण आहे आणि २०२४ पासून ते राज्यातल्या सर्वांसाठी खुले आहे. अँजिओप्लास्टी हवी असेल तर अँजिओग्राफीचे चित्रण पाठवून आधी मंजुरी घ्यावी लागते, नंतर स्टेंटची माहिती जोडावी लागते. रुग्णालयात आरोग्यमित्र बसलेला असतो. म्हणजे रुग्णाची ओळख, वय, आजार, उपचार, तारखा, सगळे एका संगणकप्रणालीत जमा होते. अनेक श्रीमंत देशांना ऑडिट सुरू करताना एवढी माहिती तयार मिळाली नव्हती.

पण दाव्याच्या माहितीला एक जन्मजात खोड आहे. ती पैशाच्या प्रश्नांना उत्तर देण्यासाठी जमवलेली असते. उपचार झाला का, गरज होती का, किती द्यायचे? छातीत पहिली कळ किती वाजता आली, हे दाव्यात कशाला कुणी विचारेल! आणि डिस्चार्जच्या दिवशी दाव्याचा डोळा मिटतो. आपल्या कल्पित रुग्णाचा मृत्यू त्याला दिसणारच नाही.

इथे स्वीडनचा दाखला उपयोगी आहे. तिथल्या ‘स्वीडहार्ट’ नोंदणीत हृदयाचा जवळपास प्रत्येक रुग्ण असतो आणि ती लोकसंख्येच्या नोंदवहीशी जोडलेली आहे. अँजिओप्लास्टीच्या वेळी गाठ नळीने शोषून घेतल्याने फायदा होतो का, असा प्रश्न पडला तेव्हा त्यांनी ७,२४४ रुग्णांवर या नोंदणीच्या आधारेच प्रयोग केला, आणि तीस दिवसांनी कोण जिवंत आहे हे कुणालाही फोन न करता काढले. उत्तर आले: मृत्यू कमी होत नाहीत. २०१३ मध्ये हे प्रसिद्ध झाले आणि जगभर नेमाने चाललेली एक महागडी क्रिया मागे पडली. आपल्याकडेही जन्म-मृत्यू नोंदणी कायद्यातल्या २०२३ च्या दुरुस्तीने राष्ट्रीय पातळीवर अशी माहिती एकत्र ठेवण्याची तरतूद केली आहे. योजनेचा दावा आणि मृत्यूची नोंद, खाजगीपणा सांभाळून, एकमेकांशी जोडणे हे आता यंत्राच्या आवाक्यातले काम आहे.

मात्र तेवढ्याने शहापूर-मुरबाडचे भागणार नाही. राष्ट्रीय ऑडिट म्हणजे अँजिओप्लास्टीची सोय असलेल्या रुग्णालयांचे ऑडिट, असे आपण ठरवले तर ते कळवा, ठाणे, मुंबई इथे सुरू होईल. जो रुग्ण टोकावड्याहून निघाला आणि मुरबाडपर्यंतच पोहोचला, किंवा कसाऱ्याहून निघाला आणि पडघ्याच्या आसपास गाडीत गेला, तो कुठल्याच रुग्णालयाचा मृत्यू नाही. छेदातच नसलेला माणूस टक्केवारीत येत नाही.

यातून एक विचित्र गोष्ट घडू शकते. समजा १०८ ची गाडी लवकर पोहोचू लागली, रस्ते सुधारले. आधी जे वाटेत किंवा घरी दगावत होते ते आता धडपडत शहापूरच्या रुग्णालयात पोहोचतील, आणि त्यांतले काही तिथे मरतील. रुग्णालयाचा मृत्युदर वाढेल. तालुक्यातले मृत्यू मात्र कमी झालेले असतील. फक्त रुग्णालय मोजणारा अधिकारी अशा वेळी सुधारणा करणाऱ्यांनाच नोटीस काढील. आणि नोटीस टाळायचा सोपा मार्ग प्रत्येक लहान रुग्णालयाला ठाऊक आहे: रेफर करा. गंभीर रुग्ण पुढे पाठवला की मृत्यू दुसऱ्याच्या खात्यात. म्हणून रुग्ण ज्या पहिल्या दारात आला त्या दाराच्या नावावर त्याचा पुढचा सगळा हिशेब राहिला पाहिजे, त्याला पुढे कुठेही पाठवले तरी. शहापूरला ईसीजी किती मिनिटांत निघाला, गाठ विरघळवणारे इंजेक्शन तिथेच दिले की नुसतेच पाठवले, गाडी किती वेळात मिळाली, हे तिथले प्रश्न. राज्याच्या आरोग्य विभागाने २०२१ पासून काही जिल्ह्यांत ग्रामीण रुग्णालयातला ईसीजी दूरच्या तज्ज्ञाला दाखवण्याचा कार्यक्रम सुरू केला, तो याच दिशेचा. ईसीजीच्या कागदावर वेळ आपोआप छापली जाते. एवढी प्रामाणिक नोंद दुसरी नाही.

घरी झालेले मृत्यू कसे मोजायचे? देशात नोंदलेल्या मृत्यूंपैकी वैद्यकीय कारण प्रमाणित झालेले मृत्यू पाचात एकाच्या आसपास आहेत, आणि ‘हृदयक्रिया बंद पडली’ हे कारण नव्हेच. ती प्रत्येकाचीच बंद पडते. पण वाट आहे, आणि ती मराठी मुलखातच चालून पाहिलेली आहे. गडचिरोलीत ‘सर्च’ संस्थेने घरोघर जाऊन, नातेवाइकांना ठरावीक प्रश्न विचारून ८६ गावांतल्या मृत्यूंची कारणे काढली. दर सात मृत्यूंत एक पक्षाघाताचा निघाला. इतक्या दुर्गम भागात लोक अजून संसर्गाच्या रोगांनीच मरत असतील, हा समज त्या मोजणीने मोडला. शहापूरच्या पाड्यांवर असे विचारले तर काय निघेल, याचा अंदाज मी करणार नाही.

शिवाय इथल्या आरोग्य यंत्रणेला हे काम अनोळखी नाही. एखादी बाळंतीण दगावली की माता मृत्यू अन्वेषण होते. त्रास कधी सुरू झाला, निर्णय कुणी घेतला, गाडी कधी आली, कुठल्या दवाखान्यात किती वेळ गेला, हे घरी जाऊन विचारले जाते आणि ते जिल्ह्यापर्यंत जाते. बालमृत्यूंचेही तसेच. उशिराचे तीन टप्पे आशाताईंना पाठ आहेत: घरातला उशीर, वाटेतला उशीर, दवाखान्यातला उशीर. हृदयाच्या झटक्याला हेच तीन टप्पे जसेच्या तसे लागू पडतात. मुलांच्या बाबतीत तर धागा आणखी जवळचा आहे. राष्ट्रीय बाल स्वास्थ्य कार्यक्रमाची सुरुवात फेब्रुवारी २०१३ मध्ये पालघरला झाली, तेव्हा ते ठाणे जिल्ह्यातच होते. या कार्यक्रमाची पथके अंगणवाड्या आणि शाळांत मुले तपासतात, जन्मजात हृदयदोष सापडला तर शस्त्रक्रियेसाठी पाठवतात. किती मुले तपासली, किती शस्त्रक्रिया झाल्या, हे आकडे निघतात. शस्त्रक्रियेनंतर वर्षाने मूल शाळेत जाते आहे का, हा ब्रिस्टलचा प्रश्न. तो विचारायला आश्रमशाळेच्या हजेरीपटाइतके सोपे साधन दुसरे नसेल.

स्थलांतराचीही अडचण सांगितली जाते, आणि ती खरी आहे. दिवाळीनंतर कातकरी पाडे निम्मे रिकामे होतात. पण क्षयरोगाच्या कार्यक्रमाने ही अडचण बऱ्याच अंशी सोडवली आहे. २०१२ पासून ‘निक्षय’ प्रणालीत प्रत्येक रुग्णाला क्रमांक मिळतो, तो भट्टीवर गेला तर त्याची नोंद तिकडच्या केंद्राकडे वर्ग करता येते, आणि शेवटी प्रत्येक नावापुढे एक निकाल भरावाच लागतो: बरा झाला, उपचार पूर्ण केले, मृत्यू, की संपर्क तुटला. ‘संपर्क तुटला’ हाही निकालच मानतात, आणि तो जास्त आला तर वरून विचारणा होते.

हृदयाच्या रुग्णासाठी असा रकाना आखायचा तर पहिली अडचण वेळेची येईल. पाड्यावरचा माणूस ‘सात वाजून दहा मिनिटांनी दुखायला लागले’ असे सांगत नाही. तो सांगतो, गुरे सोडायच्या वेळेला, किंवा सकाळची कसारा लोकल गेल्यावर. नोंद करणाऱ्याने ते शब्द आहेत तसेच लिहून घ्यावेत आणि शेजारच्या चौकटीत अंदाजे घड्याळ भरावे, म्हणजे नंतर पडताळता येईल. त्याखाली ईसीजीवर छापलेली वेळ, इंजेक्शनची वेळ, गाडी सुटल्याची वेळ, पुढच्या रुग्णालयाचे नाव, घरी जाताना लिहून दिलेल्या गोळ्या. मग तिसाव्या दिवशी आणि वर्षाने दोन प्रश्न: माणूस आहे का, आणि गोळ्या चालू आहेत का. दुसरा प्रश्न तोंडी विचारून चालणार नाही, रिकामी पाकिटे बघावी लागतील. आणि फॉर्मवर फोन नंबरासाठी एक नव्हे, तीन ओळी हव्यात: स्वतःचा, पाड्यावरच्या शेजाऱ्याचा, आणि भट्टीच्या मुकादमाचा.